सवलतीच्या दराने मिळालेली औद्योगिक जमीन घेताय? आधी संमतीचा कागद, मग पैसे

प्रश्न थोडक्यात सांगतो म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. एका लघुउद्योजकाने विचारलंय की त्यांना युनिट वाढवायचंय, एमआयडीसीतला (महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाचा) एक प्लॉट एका प्रायव्हेट लिमिटेड कंपनीच्या नावावर आहे, कोपऱ्यात एक शेड आणि बाकी जागा रिकामी, आणि मालक म्हणतायत ट्रान्सफरच्या भानगडीत कशाला पडता, कंपनीचे शेअर्सच घ्या, नाहीतर पॉवर ऑफ ॲटर्नी करून देतो, तूर्त पंचवीस लाख टोकन द्या. त्याच पार्टीची दुसरी एक जमीन आहे, ती पूर्वी कलेक्टरांनी कारखान्यासाठी दिलेली, सातबाऱ्यावर भोगवटादार वर्ग २ लिहिलंय, तीही सोबत घ्या म्हणतायत. हे करावं का?

टोकन आत्ता देऊ नका. प्लॉट वाईट आहे असं मी म्हणत नाहीये, कदाचित सौदा चांगलाही असेल, पण समोरचा माणूस तुम्हाला काय विकू शकतो आणि काय नाही हे अजून तुम्हाला माहीत नाही, आणि बऱ्याचदा त्यालाही माहीत नसतं. वीस-पंचवीस वर्षं प्लॉट नावावर असला, पाणीपट्टी-सर्व्हिस चार्ज भरत असला की माणूस स्वतःला मालकच समजायला लागतो. पण एमआयडीसीचा प्लॉट म्हणजे मालकी नाही, तो भाडेपट्टा आहे, बहुतेक ठिकाणी ९५ वर्षांचा, जमीन महामंडळाचीच राहते.

एक गोष्ट डोक्यात पक्की केली की पुढचे सगळे नियम आपोआप समजतात. सरकारने किंवा महामंडळाने ती जमीन बाजारभावापेक्षा कमी दराने दिली ती कारखाना उभा राहावा, माल निघावा, लोकांना काम मिळावं म्हणून दिली. सवलत त्या वापराला आहे, त्या माणसाला नाही. म्हणून वापर थांबला किंवा माणूस बदलला की देणारा विचारणारच, की बाबा रे, आम्ही स्वस्तात दिलेली जागा तू महागात विकतोयस, मधला फरक कोणाचा? डिफरेन्शियल प्रीमियम, ट्रान्सफर चार्जेस, अनर्जित उत्पन्न, नजराणा, नावं वेगवेगळी आहेत पण सगळ्यांच्या मागे हा एकच प्रश्न आहे. आणि मला तो प्रश्न रास्त वाटतो, कारण यातल्या बऱ्याच जमिनी कोणा ना कोणा शेतकऱ्याकडून सक्तीने संपादन करून घेतलेल्या आहेत, त्याने काही प्लॉटचा धंदा करायला जमीन दिली नव्हती.

आता कायद्याचं बघू. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम १८८२ चं कलम १०८ मधलं खंड (जे) सांगतं की भाडेपट्टेदार आपला हक्क दुसऱ्याला देऊ शकतो, गहाण टाकू शकतो, पोटभाड्याने देऊ शकतो. एवढंच वाचून खूप जण म्हणतात बघा कायद्यानेच हक्क दिलाय. पण त्या कलमाची सुरुवातच अशी आहे की करारात वेगळं काही ठरलं नसेल तर. आणि इथे करारात वेगळंच ठरलेलं असतं. दुसरा युक्तिवाद येतो कलम १० चा, की मालमत्ता विकायला पूर्ण बंदी घालणारी अट रद्दबातल असते. ते बरोबर आहे पण त्याच कलमात अपवाद आहे, भाडेपट्ट्यात पट्टा देणाऱ्याच्या फायद्यासाठी घातलेली अट चालते. म्हणजे महामंडळाच्या लीज डीडमधली (भाडेपट्ट्याच्या दस्तातली) 'पूर्वलेखी संमतीशिवाय हक्क सोपवणार नाही, पोटभाड्याने देणार नाही, ताबा सोडणार नाही' ही अट पूर्ण वैध आहे, त्यावर कोर्टात भांडून वेळ घालवू नका.

यातलं सगळ्यात धोक्याचं कलम मात्र फार कमी लोकांना माहीत असतं, ते म्हणजे ११४-अ. एरवी भाडेपट्ट्यातली एखादी अट मोडली तर पट्टा देणाऱ्याने आधी लेखी नोटीस द्यायची, चूक दुरुस्त करता येण्यासारखी असेल तर दुरुस्त करायला सांगायचं, वाजवी वेळ द्यायचा आणि मगच बाहेर काढायचा दावा, असं संरक्षण हे कलम देतं. पण त्याच कलमात स्पष्ट लिहिलंय की हक्क सोपवणं, पोटभाड्याने देणं, ताबा सोडणं याविरुद्धच्या स्पष्ट अटीला हे संरक्षण लागू नाही. म्हणजे शेडचं पत्र्याचं छप्पर नियमात नसेल तर दुरुस्तीची संधी मिळेल, पण प्लॉटच गुपचूप दुसऱ्याला दिला असेल तर या कलमाखाली ती संधी हक्काने मागता येत नाही. पट्टा संपवायला कलम १११ (जी) खाली लेखी नोटीस लागते, महामंडळ सार्वजनिक संस्था असल्याने कारणे दाखवा नोटीस आणि म्हणणं ऐकून घेणं हेही आलंच, पण ते प्रक्रियेचं झालं, मूळ चूक त्याने धुऊन निघत नाही.

यावर हमखास येणारं उत्तर म्हणजे 'अहो पण ते दर वर्षी भाडं घेतायत की'. कलम ११२ मध्ये भाडं स्वीकारलं तर अटभंगासाठी पट्टा रद्द करायचा हक्क सोडला असं धरता येतं हे खरं, पण पट्टा देणाऱ्याला अट मोडल्याची माहिती होती हे तुम्हाला दाखवावं लागतं. जुन्या अलॉटीच्या, म्हणजे ज्याला प्लॉट वाटप झाला त्याच्या, नावाने ऑनलाइन पैसे भरत राहिलात तर उलट तुम्ही ते लपवत होतात असाच पुरावा तयार होतो.

तुमच्या प्लॉटबाबत पहिला प्रश्न हा की तो नक्की कुठल्या टप्प्यावर आहे. एमआयडीसीत आधी वाटपपत्र मिळतं, प्रीमियम भरला की ॲग्रीमेंट टू लीज होतं आणि ताबा पावती मिळते, मग ठरलेल्या मुदतीत नकाशे मंजूर करून किमान ठरलेलं बांधकाम करायचं, बांधकाम पूर्ण झाल्याचा दाखला घ्यायचा ज्याला सगळे बीसीसी म्हणतात, आणि त्यानंतर खरा लीज डीड होतो. ॲग्रीमेंट टू लीजच्या टप्प्यावर असलेल्या माणसाकडे खरं तर फक्त आत शिरून बांधकाम करायची परवानगी असते, लायसन्स. आणि लायसन्स दुसऱ्याला देता येत नाही हे भारतीय सुविधाधिकार अधिनियम १८८२ चं कलम ५६ सांगतं, परवानगी देणाऱ्याचा तसा इरादा असेल तरच देता येतं. तेव्हा समोरच्याकडे लीज डीड नोंदणी केलेला आहे की नुसतं ॲग्रीमेंट टू लीज, हे आज संध्याकाळीच विचारा. कोपऱ्यात शेड आहे म्हणताय, पण शेड असणं वेगळं आणि बीसीसी असणं वेगळं. नकाशा मंजूर न करता शेड टाकलेली असू शकते, किंवा बांधकाम किमान क्षेत्राच्या खाली असू शकतं, तसं असेल तर महामंडळाच्या हिशेबी तो प्लॉट अजून अविकसितच आहे आणि मुदतवाढीचे पैसे वर्षानुवर्षं साचत गेलेले असू शकतात.

याचा थेट संबंध तुमच्या खिशाशी आहे. कारखाना उभारून चालवलेला प्लॉट विकला तर महामंडळ ट्रान्सफर चार्जेस घेऊन संमती देतं, पण रिकामा प्लॉट विकला तर हिशेब एकदम वर जातो, कारण त्याने स्वस्तात घेऊन काहीच केलं नाही आणि आता फक्त भाव वाढला म्हणून विकतोय. त्या भागाचा चालू दर, प्लॉट कोणत्या टप्प्यावर आहे, हस्तांतर कोणत्या प्रकारचं आहे, यावर आकडा ठरतो आणि परिपत्रकं बदलत राहतात, म्हणून मी इथे टक्केवारी लिहीत नाही, तुमच्या प्रादेशिक कार्यालयातून त्या विशिष्ट प्लॉटचा लेखी आकडा काढा. घरातल्या घरात, म्हणजे वारसाने नाव लागणं वगैरे, त्याला साधारणपणे वेगळी आणि सौम्य वागणूक असते. ती तुमच्या केसला लागू नाही, पण समोरचा 'माझ्या भावाच्या वेळी किरकोळ पैसे लागले होते' असं सांगेल म्हणून लिहिलं.

आता शेअर्सचं, कारण खरा मोह तिथे आहे आणि वकीलसुद्धा हाच सल्ला देऊन जातात. तर्क असा की प्लॉट कंपनीच्या नावावर आहे, कंपनी तीच राहते, फक्त भागधारक बदलले, मग जमिनीचं हस्तांतर कुठे झालं? कायद्याचं तत्त्व म्हणून हे बरोबर आहे, सर्वोच्च न्यायालयाने बाचा गझदर प्रकरणात १९५४ सालीच म्हटलंय की भागधारकाचा कंपनीच्या मालमत्तेत कुठलाही थेट हक्क नसतो. पण ते तत्त्व झालं, तुमचं नातं करारावर चालतं. लीज डीडमध्ये, वाटपाच्या अटींमध्ये किंवा महामंडळाच्या हस्तांतर धोरणात कंपनीचं नियंत्रण बदललं, भागधारणेत अमुक एवढा बदल झाला तर तेही हस्तांतर समजलं जाईल असं असेल, तर तुमचा तर्क तिथेच संपतो, कारण तुम्ही ती अट मान्य करून आत आलाय. त्यामुळे 'शेअर घेतले की ट्रान्सफर लागत नाही' हे वाक्य कोणी म्हटलं की त्याला विचारा कुठल्या कागदात लिहिलंय ते दाखवा. कंपनीच्या जुन्या वार्षिक विवरणपत्रांतून भागधारणा कधी कशी बदलली हे कोणालाही दिसतं, लपून राहत नाही.

आणि शेअर घेताना आणखी एक गोष्ट होते जी जमिनीपेक्षा जड पडू शकते. जमीन घेतली तर जमीनच येते, कंपनी घेतली तर तिच्यासोबत जुन्या टॅक्सच्या डिमांड, पीएफची थकबाकी, कामगार कोर्टातले दावे, संचालकांनी दिलेल्या गॅरंट्या, सगळं येतं. पन्नास लाख ट्रान्सफर चार्जेस वाचवायला जाऊन दीड कोटीचं ओझं उचललं अशी फाइल माझ्यासमोर आलेली आहे, आणि तिथे विकणाऱ्याने एकही कागद लपवला नव्हता, घेणाऱ्याला फक्त कोणी सांगितलं नव्हतं.

विलीनीकरणाने करू असंही कोणी सुचवेल. जनरल रेडिओ विरुद्ध एम. ए. खादर या १९८६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की हायकोर्टाच्या मंजुरीने झालेलं असलं तरी दोन कंपन्यांनी स्वेच्छेने केलेलं विलीनीकरण हे भाडेहक्काचं हस्तांतरच आहे, आणि घरमालकाच्या लेखी संमतीशिवाय झालं म्हणून तिथे भाडेकरू कंपनीला जागा सोडावी लागली. तो खटला भाडे कायद्याखालचा होता पण तत्त्व हेच लागतं.

पॉवर ऑफ ॲटर्नीबद्दल एका वाक्यात सांगतो, ती करू नका. सूरज लॅम्प प्रकरणात २०११ साली सर्वोच्च न्यायालयाने साफ म्हटलं की जनरल पॉवर ऑफ ॲटर्नी, विक्रीचा करार आणि मृत्युपत्र असा तिहेरी गठ्ठा करून स्थावर मालमत्तेचा हक्क जात नाही. इथे तर मूळ माणसाकडेच पूर्ण हक्क नाही. वर महाराष्ट्रात ताबा देणारा विक्री करार केला की त्यावर खरेदीखताइतकंच मुद्रांक शुल्क लागतं, म्हणजे शुल्क पूर्ण आणि हक्क शून्य. पॉवर देणारा वारला तर प्रश्नच वाढतात, वारस म्हणतात आम्हाला काही माहीत नाही.

टोकनचं काय करायचं तर हे करा. त्यांना म्हणा मी गंभीर आहे, आपण आधी एक साधा समजुतीचा कागद करू ज्यात लिहिलेलं असेल की सौदा महामंडळाच्या लेखी संमतीवर अवलंबून आहे, संमतीचा अर्ज अलॉटीने इतक्या दिवसांत करायचा, मागील थकबाकी आणि मुदतवाढीचे पैसे त्याचे, ट्रान्सफर चार्जेस कोणाचे ते आत्ताच ठरवायचे, संमती नाकारली तर पूर्ण रक्कम परत, आणि ताबा संमतीनंतरच. द्यायचीच असेल तर छोटी रक्कम द्या, ती चेकने द्या, आणि शक्य असेल तर दोघांच्या विश्वासातल्या तिसऱ्याकडे अडकवून ठेवा. संमतीपत्र आलं की त्यात मुदत आणि अटी असतात, त्या मुदतीत चार्जेस भरून असाइनमेंट डीड, म्हणजे पट्ट्याचा हक्क तुमच्याकडे सोपवल्याचा दस्त, नोंदवायचा आणि त्याची प्रत महामंडळात देऊन नाव चढवून घ्यायचं. हे शेवटचं काम लोक विसरतात, डीड रजिस्टर झाला म्हणजे झालं समजतात, आणि पुढे बँकेला गहाणाची ना-हरकत हवी असते तेव्हा कळतं की रेकॉर्डला अजून जुनंच नाव आहे. प्लॉटवर आधीचं कर्ज असेल तर त्या बँकेचं नो ड्यूज आणि कंपनी निबंधकाकडे बोजा मिटल्याची नोंद, दोन्ही बघा.

शेड भाड्याने देण्याबद्दलही थोडं, कारण तुम्ही नंतर अर्धा भाग कोणाला तरी द्याल. लिव्ह अँड लायसन्स केला म्हणजे पोटभाडं नाही असा एक समज आहे. अटीत 'ताबा सोडणार नाही' असं असतं, तेव्हा नाव काहीही द्या, आत दुसऱ्याच्या नावाचा बोर्ड, दुसऱ्याचा जीएसटी नंबर आणि दुसऱ्याचे कामगार असतील तर तपासणीला आलेला माणूस तेच लिहून नेतो. सबलेटिंगची परवानगी रीतसर मिळते, तिचे वार्षिक पैसे भरावे लागतात, ते भरा आणि निवांत झोपा. जॉबवर्कचा करार दाखवून झाकायचा प्रकार करू नका.

आता ती दुसरी जमीन, कलेक्टरांनी दिलेली. तिचा कायदाच वेगळा आहे, महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६ आणि सरकारी जमीन विल्हेवाटीचे १९७१ चे नियम. भोगवटादार वर्ग २ याचा अर्थच असा की धारकाच्या हस्तांतराच्या अधिकारावर बंधन आहे. सातबारा बघून समाधान मानू नका, सातबाऱ्यावर फक्त परिणाम दिसतो, कारण मूळ मंजुरी आदेशात असतं. इतर हक्कात 'नवीन शर्त' किंवा 'शासनाच्या पूर्वपरवानगीशिवाय हस्तांतरास बंदी' असं असेल ते वाचा, त्यावरचा फेरफार क्रमांक धरून तलाठ्याकडून फेरफार काढा, आणि त्या फेरफारात ज्या आदेशाचा क्रमांक असेल तो आदेश तहसील किंवा कलेक्टर कचेरीच्या अभिलेखातून नकलेने मिळवा, नाही दिला तर माहिती अधिकारात मागा. त्या दोन-तीन पानांत सगळं असतं, कोणत्या उद्योगासाठी दिली, किती दिवसांत सुरू करायचा, सवलत किती, विकायची असेल तर कोणाची परवानगी आणि अनर्जित उत्पन्नाचा किती हिस्सा शासनाला. कधीकधी असंही निघतं की जमीन कब्जेहक्काने दिलेलीच नव्हती, ठरावीक वर्षांच्या पट्ट्याने दिली होती आणि तो पट्टा संपून काही वर्षं झालीत, कोणी नूतनीकरण केलेलंच नाही. मग समोरचा विकतोय काय?

अनर्जित उत्पन्न म्हणजे काय हे बऱ्याच जणांना कळत नाही म्हणून सांगतो. जमीन त्याने जितक्यात घेतली आणि आज जी किंमत आहे त्यातली जी वाढ त्याने काही न करता झाली, ती अनर्जित. त्यातला ठरलेला हिस्सा शासन मागतं. तो कागदोपत्री विकणाऱ्याने भरायचा पण प्रत्यक्षात भरला नाही तर शर्तभंग जमिनीला चिकटतो, आणि जमीन तेव्हा तुमच्याकडे असते. परवानगीशिवाय खरेदीखत नोंदवलं गेलं, काही वेळा दुय्यम निबंधकाकडे नोंदवलंही जातं, तरी फेरफार अडतो, शर्तभंगाची नोटीस निघते आणि जमीन सरकारजमा करण्यापर्यंत जाऊ शकतं.

वर्ग २ ची वर्ग १ करून घेता येते का, तर ८ मार्च २०१९ ला त्यासाठीचे नियम आलेत, औद्योगिक कारणासाठी दिलेल्या जमिनीही त्यात येतात, बाजारमूल्याच्या टक्केवारीत रूपांतरण अधिमूल्य भरावं लागतं. मूळ शर्तींचा भंग झालेला असेल तर त्याचा निपटारा आधी. माझं मत विचाराल तर विकणाऱ्यानेच आधी वर्ग १ करून घ्यावी आणि मग तुम्ही घ्यावी, किंमत थोडी वाढवून द्या पण क्रम हाच ठेवा. 'तुम्ही घ्या, मग तुमच्या नावाने करून घ्या' असं सांगितलं तर नको म्हणा.

तिसरा एक प्रकार तुमच्या प्रश्नात नाही पण शेजारच्या जमिनीत सापडतो. खासगी कंपनीसाठी सरकारने संपादन करून दिलेली जमीन. जुन्या १८९४ च्या भूसंपादन कायद्यात कलम ४४-अ होतं, कंपनीने शासनाच्या पूर्वमंजुरीशिवाय विक्री, गहाण, बक्षीस, पट्टा काहीच करायचं नाही. १ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या नव्या कायद्यात कलम ९९ खाली ज्या कामासाठी जमीन घेतली ते काम बदलता येत नाही, कलम १०० खाली विशिष्ट परवानगीशिवाय मालकी बदलता येत नाही, कलम १०१ खाली ताबा घेतल्यापासून पाच वर्षं वापरली नाही तर मूळ मालकाला किंवा त्याच्या वारसांना परत किंवा सरकारच्या लँड बँकेत. आणि कलम १०२ मला फार महत्त्वाचं वाटतं. संपादित जमीन काहीही विकास न करता जास्त किमतीला दुसऱ्याला दिली तर वाढीव किमतीच्या चाळीस टक्के रक्कम ज्यांच्याकडून जमीन घेतली त्यांना वाटायची. समजा जमीन साठ लाखांना संपादन झाली आणि रिकामीच एक कोटी साठ लाखांना दिली, तर वरच्या एक कोटीतले चाळीस लाख त्या शेतकऱ्यांचे. गावातल्या लोकांना हे माहीतच नसतं, कोणी सांगतही नाही, आणि ज्यांच्या जमिनी गेल्यात त्यांनी हे कलम तोंडपाठ करावं असं मला मनापासून वाटतं.

ठाणे, पुणे, नाशिक अशा शहरांत जुन्या कारखान्याची जमीन घेताना नागरी कमाल धारणा कायद्याचं कलम २० तपासा. शहरात ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त रिकामी जमीन ठेवू न देणाऱ्या १९७६ च्या त्या कायद्याखाली उद्योगासाठी म्हणून जादा जमिनीला सूट मिळायची आणि सोबत विकायचं नाही, वापर बदलायचा नाही अशा अटी असायच्या. महाराष्ट्राने तो कायदा २००७ मध्ये रद्द केला म्हणून लोक निर्धास्त झाले, पण २०१४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सांगितलं की सूट देताना घातलेल्या अटी टिकून आहेत. नंतर २०१९ मध्ये शासनाने एकरकमी अधिमूल्य भरून त्या अटींतून मोकळं होण्याचा मार्ग काढला. सर्च रिपोर्टमध्ये हे येतंच असं नाही, सूट आदेश वेगळा मागावा लागतो.

बँकेच्या लिलावात किंवा एनसीएलटीतून (राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरण, जिथे दिवाळखोर कंपन्यांची प्रकरणं चालतात) घेतलं की सगळं स्वच्छ, हा आणखी एक गैरसमज. बँक विकते ते कर्जदाराकडे जे होतं तेच, 'जिथे आहे जसं आहे' तत्त्वावर, म्हणजे पट्ट्याच्या अटींसकट. २०२३ च्या के. सी. नायनन निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की वीज नियमांत तशी तरतूद असेल तर त्या जागेवरची जुनी वीज थकबाकी नव्या कनेक्शनच्या वेळी लिलावात घेणाऱ्याकडूनही मागता येते, आणि कारखान्याची थकबाकी हजारांत नसते. दिवाळखोरी संहितेच्या बाबतीत अभिलाष लाल प्रकरण वाचा, नोव्हेंबर २०१९ चं. अंधेरीतल्या एका हॉस्पिटलची जमीन मुंबई महापालिकेची होती, तोडग्याचा आराखडा (रिझोल्यूशन प्लॅन) एनसीएलटीने मंजूरही केला होता, पण महापालिकेच्या कायद्यात लागणारी संमती नव्हती म्हणून सर्वोच्च न्यायालयाने ती मंजुरी रद्द केली. सार्वजनिक संस्थेची जमीन दुसऱ्याच्या आराखड्यातून तिच्या संमतीशिवाय वळवता येत नाही, सरळ गोष्ट आहे. मे २०२५ मध्ये उत्तर प्रदेशातल्या सुलतानपूर जिल्ह्यातल्या १२५ एकर औद्योगिक जमिनीचं वाटप पैसे थकवल्यामुळे रद्द झालं ते सर्वोच्च न्यायालयाने कायम ठेवलं, आणि ते करताना मुळात ती जमीन घाईघाईने कशी दिली गेली यावरही ताशेरे ओढले. कोर्टांचा कल कुठे आहे ते यातून दिसतं.

टॅक्सचं पटकन. असाइनमेंटवर महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमाच्या अनुच्छेद ६० खाली बाजारमूल्यावर शुल्क, नोंदणी फी एक टक्का पण जास्तीत जास्त तीस हजार. प्लॉटच्या मूळ अलॉटीने शासनाच्या सामूहिक प्रोत्साहन योजनेत मुद्रांक शुल्काची माफी किंवा इतर सवलती घेतल्या असतील तर त्या योजनेची मुदत आणि अटी बघा, मुदतीच्या आत कारखाना बंद करून विकला तर वसुली निघू शकते. जीएसटीच्या बाबतीत पट्ट्याचा हक्क दुसऱ्याला देण्यावर अठरा टक्के लावायच्या नोटिसा बऱ्याच निघाल्या होत्या, जानेवारी २०२५ मध्ये गुजरात उच्च न्यायालयाने जीआयडीसीच्या (गुजरातच्या औद्योगिक महामंडळाच्या) प्लॉटबाबत हा जीएसटी लागत नाही असा निकाल दिला, तुमच्या सीएकडून आजची स्थिती विचारूनच करारात जीएसटीचं कलम लिहा आणि लागलाच तर कोणी भरायचा हेही लिहा. चालू युनिट घेत असाल तर पीएफच्या कायद्याखाली आधीच्या थकबाकीला घेणाराही मिळालेल्या मालमत्तेच्या किमतीपर्यंत जबाबदार असतो.

आणि ज्यांनी आधीच शेअर्सने किंवा पॉवरवर प्लॉट घेऊन ठेवलाय त्यांच्यासाठी. नोटीस यायची वाट बघू नका. स्वतःहून अर्ज करून हस्तांतर नियमित करून मागणाऱ्याला आणि तपासणीत सापडलेल्याला सारखी वागणूक मिळत नाही, पैसे भरावे लागतील, कदाचित दंडही, पण प्लॉट राहण्याची शक्यता खूप वाढते. मूळ अलॉटी हयात आणि बोलण्याच्या मनस्थितीत असेपर्यंत त्याच्या सह्या घ्या, प्रतिज्ञापत्र घ्या, कंपनी असेल तर ठराव घ्या, कारण अर्ज त्याच्या नावाने जाणार आहे. कारखाना खरंच चालू असेल तर त्याचे पुरावे आत्तापासून एका जागी ठेवा, वीजबिलं, जीएसटीचे रिटर्न, कामगारांचे पीएफ चलन, उद्यम नोंदणी, फॅक्टरी लायसन्स, कारण ज्या कामासाठी जमीन दिली ते काम तिथे होतंय हा तुमच्या बाजूचा सगळ्यात भक्कम मुद्दा तोच असेल. नोटीस आलीच असेल तर मुदतीत लेखी उत्तर द्या, सुनावणी मागा, आणि 'आमच्या शेजारच्यानेही असंच केलंय' हे उत्तरात लिहू नका, त्याने तुमचा फायदा शून्य आणि शेजाऱ्याला मात्र नोटीस जाते.